प्रत्येक गावाचा काळ वेगळा असेल तर 'आत्ता' कोणाचं धरायचं?

आधी तुमचा प्रश्न माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मला नीट कळलाय का ते तुम्हालाही बघता येईल. तुमच्या कादंबरीतल्या जगात राजा नाही, राजधानी नाही. दर गावात पाण्याने भरलेलं एक घंगाळ आहे आणि ते सांभाळणारा राखणदार आपल्या गावाच्या शिवेच्या आत काळ जलद किंवा संथ करू शकतो, शिवेबाहेर त्याचं काही चालत नाही. गावं एकमेकांशी निरोपे पाठवून बोलतात. आणि तुम्ही विचारताय की सगळ्या घंगाळांनी मिळून बहुमताने एक 'खरी वेळ' ठरवली तर जग सुसंगत राहील का, काळ मागे नेऊ द्यावा का, आणि एखादा राखणदार खोटारडा निघाला तर काय करायचं.

मी २२ वर्षं डिस्ट्रिब्युटेड सिस्टिमवर काम करतोय. म्हणजे लांब लांब ठेवलेले कॉम्प्युटर, ज्यांच्यात कोणी मोठा नाही कोणी धाकटा नाही, त्यांना एका गोष्टीवर एकमत करायला लावायचं, आणि या सगळ्यात माझं सर्वात जास्त रक्त जर कशाने आटवलं असेल तर ते घड्याळांनी. त्यामुळे तुमचं जग वाचताना मला ते ओळखीचंच वाटत होतं. फावल्या वेळात मित्रांच्या गोष्टींसाठी, खेळांसाठी अशी जगं बांधायला मदतही करतो, तेव्हा दोन्ही बाजूंनी सांगतो.

उत्तर आधीच देऊन टाकतो: खरी वेळ ठरवूच नका. 'आत्ता किती वाजले' हा प्रश्नच तुमच्या जगातून काढून टाका आणि त्याच्या जागी 'आधी काय झालं आणि नंतर काय झालं' एवढंच ठेवा. जगाची सुसंगती क्रमावर टिकते, घड्याळावर नाही.

हे मी कसं शिकलो ते सांगतो. एका ठिकाणी आमची सिस्टिम होती, दोन मशीन, दोन्हीवर लोकांच्या नोंदी लिहिल्या जायच्या, आणि नियम साधा की एकाच गोष्टीच्या दोन नोंदी आल्या तर ज्या नोंदीची वेळ नंतरची ती ठेवायची आणि दुसरी टाकून द्यायची. एका माणसाने रात्री आपला पत्ता बदलला, टाइप करताना चुकला, तीन सेकंदांनी दुरुस्त केला. दुसऱ्या दिवशी बघतो तर चुकीचा पत्ता जागेवर आणि दुरुस्तीचा मागमूस नाही. लॉग काढले, म्हणजे मशीनने आपोआप टिपून ठेवलेल्या ओळी. चुकीच्या पत्त्याच्या ओळीवर वेळ ०२:१४:०९, दुरुस्तीच्या ओळीवर ०२:१४:०५. पहिलं मशीन ७ सेकंद पुढे होतं, बस एवढंच. कोणी खोटं बोललं नव्हतं, दोन्ही मशीन आपापल्या घड्याळाशी प्रामाणिक होती, तरी दुरुस्ती ही चुकीच्या आधी झाली असं सिस्टिमने ठरवलं आणि ती फेकून दिली. मग आम्हाला खरं काय ते कळलं कसं? दुरुस्तीच्या नोंदीत, ती करताना समोर जी जुनी नोंद दिसत होती तिचा क्रमांक लिहिलेला होता. म्हणजे दुसरीने पहिलीला पाहिलं होतं. जिने जिला पाहिलं ती तिच्या नंतरची, घड्याळ काहीही म्हणो.

हीच गोष्ट लेस्ली लॅम्पोर्ट या संगणकशास्त्रज्ञाने १९७८ सालच्या त्यांच्या पेपरात स्वच्छ मांडून ठेवलीये आणि मी ती तुमच्या जगात जशीच्या तशी उचलून ठेवणार आहे. 'आधी' या शब्दाचा अर्थ काय, तर एकाच गावात एकामागून एक झालेल्या घटनांचा क्रम त्या गावाला माहीत असतोच, निरोप पाठवणं हे तो मिळण्याच्या आधीचं असतं, आणि या दोन्हीची साखळी जोडत जे येईल तेही आधी. याच्या पलीकडे 'आधी' असं काही नाही. दोन घटनांमध्ये अशी साखळीच नसेल तर त्यांच्यात पहिली कोण हा प्रश्नच निरर्थक आहे.

तुमच्या जगात याला यंत्र लागत नाही, एक दोरी पुरते. दर राखणदाराकडे दोरी, गावात नोंद घेण्याजोगं काही झालं की एक गाठ. निरोप्या निघताना आपल्या गावच्या गाठींची संख्या घेऊन निघतो. पोचल्यावर तिथला राखणदार आपली दोरी मोजतो, निरोप्याचा आकडा मोठा असेल तर तेवढ्या गाठी भरून वर एक मारतो, लहान असेल तर नुसती एक मारतो. एवढ्यावर हमी मिळते की जे आधी झालं त्याची गाठ लहानच असणार, मग मधल्या गावांनी काळ कितीही जलद किंवा संथ चालवलेला असो. उलटं मात्र खरं नाही हां, गाठ लहान म्हणजे आधीच झालं असं म्हणता येत नाही, आणि तुमच्या गोष्टीत एखादा भला राखणदार नेमकी हीच चूक करून बसला तर मला फार आवडेल. ती चूक टाळायची तर निरोप्याने एकच आकडा न नेता त्याच्या गावाला ठाऊक असलेल्या दर गावाचा एकेक आकडा न्यायचा, दोऱ्यांचा जुडगाच. हेही १९८८ मध्ये फिज आणि माटर्न यांनी वेगवेगळं शोधून काढलंय. जुडगे समोरासमोर धरले की तीन उत्तरं निघतात: हे आधी, ते आधी, किंवा कोणीच आधी नाही. हे तिसरं उत्तर तुमच्या कादंबरीची खाण आहे. दोन भाऊ दोन गावांत, दोघांनी बापाच्या पश्चात एकाच जमिनीवर हक्क सांगितला, जुडगे मांडले आणि निघालं की कोणीच आधी नाही. आता निवाडा कसा करणार? तुमच्या जगाचा अख्खा कायदा इथून सुरू होतो.

आता दुसरी गोष्ट, जी तुम्ही विचारलीच नाहीत पण मला सर्वात जास्त महत्त्वाची वाटते. तुम्ही लिहिलंय की एक गाव काळ दुप्पट जलद करून दोन पिकं काढतं. हे होणार नाही. का ते सांगतो.

आपल्या खऱ्या विश्वातही काळ जागोजागी वेगळ्या वेगाने चालतो. उंचीवर घड्याळ जरा जलद जातं, आणि २०१० मध्ये अमेरिकेतल्या प्रयोगशाळेत दोन अतिअचूक घड्याळांमध्ये फक्त ३३ सेंटिमीटर उंचीचा फरक ठेवून हे मोजून दाखवलंय. जीपीएसच्या उपग्रहावरचं घड्याळ जमिनीपेक्षा दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे जातं, ते जमेस धरावं लागतं, कारण तेवढ्यात प्रकाश ११ किलोमीटरहून जास्त जातो. आणि काळाचा वेग बदलला की त्यासोबत प्रकाशाचा रंगही बदलतो, पाउंड आणि रेब्का यांनी १९५९-६० च्या सुमारास साडेबावीस मीटर उंचीवर तेही मोजलंय. लाट म्हणजे दर सेकंदाला इतके हेलकावे, आणि तुमचा सेकंदच आखूड झाला तर बाहेरून येणाऱ्या लाटेचे त्यात हेलकावेही कमीच येणार.

आता तुमचं दुप्पट जलद गाव घ्या. बाहेर सूर्य तोच, पण आतल्या माणसाच्या एका सेकंदात बाहेरचा अर्धाच सेकंद जातो, म्हणजे प्रकाशाचे कण निम्मे येतात, आणि दर कणाची ऊर्जाही निम्मी झालेली असते. निम्म्याचं निम्मं, ऊन पाव उरलं. वर रंगाचं बघा. बाहेरचा हिरवा प्रकाश ५५० नॅनोमीटर लांबीच्या लाटेचा, आत येईपर्यंत ११०० चा होतो, डोळ्याला तो दिसतच नाही, डोळ्याची धाव साधारण ३८० ते ७०० पर्यंत. म्हणजे आतल्या लोकांना जे दिसेल ते बाहेरचं मूळचं अतिनील, आणि त्यातलंही ३०० च्या खालचं जवळपास सगळं ओझोनने वरच अडवलेलं. उरते एक बारीकशी पट्टी, ती आत तांबडी होऊन पोचते. भर दुपारी गावावर मंद तांबडा उजेड, हुडहुडी भरवणारी थंडी, आणि पानांना हवा तो प्रकाशच नाही. दोन पिकं सोडा, एकही येणार नाही.

संथ गावाचं याच्या उलट आणि जास्त भयंकर. निम्म्या वेगाच्या गावात ऊन चौपट, आणि बाहेरचा हिरवा प्रकाश आत २७५ नॅनोमीटरचा, म्हणजे पाण्यातले जंतू मारायला जे अतिनील दिवे लावतात जवळपास त्या जातीचा. उघड्यावर उभा राहिलेला माणूस भाजून निघेल. म्हणून संथ काळ फक्त छपराखाली, जाड भिंतींच्या आत.

तुम्ही म्हणाल ही माझी काल्पनिक दुनिया, मी सरळ लिहीन की असं होत नाही. लिहा की, तुमचा हक्क आहे. पण मी तुम्हाला कळकळीने सांगतो, हे ठेवा, कारण यातून तुमच्या जगाला रूप येतं आणि ते तुम्हाला कुठून आणायला जावं लागत नाही. दीडपट जलद गावातली पणती घ्या. ज्योतीचा रंग साधारण १,९०० केल्विनचा (हे उजेडाच्या रंगाचं माप, आकडा वाढला की उजेड पांढरा होत जातो), बाहेरून बघणाऱ्याला तो दीडपट होऊन २,८५० च्या आसपास दिसेल, म्हणजे जुन्या तारेच्या विजेच्या बल्बपेक्षाही थोडा पांढरा. रात्री डोंगरावरून उतरणाऱ्या निरोप्याला खाली चार गावं दिसतायत, तीन गावांचे दिवे पिवळे आणि एकाचे पांढुरके, आणि त्याला कोणी न सांगता कळतं की या गावाने आज काळ पळवलाय, का पळवलाय? दिवसा मात्र हे कळणार नाही, कारण सूर्याचा प्रकाश आत जाताना जेवढा बदलतो तेवढाच बाहेर येताना परत उलटा बदलतो, हिशोब फिटतो. रात्रीच चोरी उघडी पडते, दिवसा नाही. आवाजाचंही तसंच, दीडपट जलद गावाच्या शिवेबाहेर कोणी पंचम लावला तर आत तो षड्ज ऐकू येईल, कारण षड्ज आणि पंचम यांचं नातंच दीडपटीचं आहे. तुमच्या कथेतली ती गाणारी मुलगी आहे ना, तिला हे कानाने ओळखता येऊ द्या.

आणि पाणी, धान्य. ओढा जलद गावातून वाहतो तेव्हा बाहेरच्या दिवसाला जेवढं पाणी येतं तेवढंच येणार, आत दीड दिवस जगणारी माणसं मात्र दीड दिवसाचं पाणी पिणार. माल बाहेरच्या वेगाने येतो, तोंडं आतल्या वेगाने खातात. त्यामुळे जलद काळ ही श्रीमंतांची चैन ठरेल किंवा निकडीची गोष्ट, आणि माणसंही तिथे लवकर म्हातारी होतील. तुम्ही मला विचारलं होतंत की काळ वापरण्याची किंमत म्हणून काहीतरी शाप ठेवू का. नको, शाप नको. किंमत आधीच आहे, ती वसूल होऊ द्या.

म्हणून माझा सल्ला असा की गावाच्या पातळीवर दहाएक टक्क्यांच्या वर जाऊ नका, तेवढ्यात शिवेबाहेरचं हिरवं शेत आतून जरा नारिंगीकडे झुकलेलं दिसेल, माणसं ऊन कमी म्हणून कुरकुरतील पण जगतील. मोठे फरक खोलीपुरते. संथ खोलीत धान्य कुजत नाही, जखमी माणूस वैद्य येईपर्यंत तग धरतो. जलद खोलीत वैद्य औषध कढवत बसतो. एकाच घरात शेजारी शेजारी अशा दोन खोल्या, मधे एक भिंत. एवढ्यावर एक प्रकरण उभं राहील.

आता काळ मागे नेणं. हा प्रश्न मला सर्वात जवळचा, कारण आम्ही हे खरोखर करतो, रोलबॅक म्हणतो त्याला, मशीनची जुनी स्थिती साठवून ठेवलेली असते, बिघाड झाला की तिथे परत जायचं. एकट्या मशीनला काही अडचण नाही. पण जिथे मशीन एकमेकांना निरोप पाठवतायत तिथे काय होतं बघा. टेकडीवरच्या गावाने सकाळी खालच्या गावाला निरोप पाठवला, दुपारी टेकडीवाले काळ मागे नेऊन पहाटेवर आले. आता निरोप पाठवलाच गेलेला नाही, पण खालच्या गावात तो येऊन पडलाय. न पाठवलेलं पत्र मिळालंय. जग फाटलं. ते शिवायचं तर खालच्या गावालाही निरोप मिळण्याच्या आधी जावं लागेल, पण मधल्या वेळात त्यांनी नदीकाठच्या गावाला काही कळवलं असेल तर त्यांनाही मागे जावं लागेल, आणि असं करत करत अख्खं जग सुरुवातीला जाऊन पडतं. ब्रायन रँडेल यांनी १९७५ मध्ये याला डॉमिनो इफेक्ट म्हटलंय. एका राखणदाराच्या हट्टापायी सगळ्या गावांचा काळ उलटा कोसळतोय, हे दृश्य तुमच्या जगाच्या पुराणात असायलाच हवं, लोकांनी आजीकडून ऐकलेलं.

यातून वाट आहे, आणि ती काढायला डेव्हिड जेफरसन यांचं १९८५ सालचं काम वाचून मी तरुणपणी थक्क झालो होतो. त्यांच्या पद्धतीत दर प्रोसेस, म्हणजे चालू असलेला एकेक प्रोग्राम, आपल्या वेगाने पुढे धावतो, उशिरा आलेला निरोप बघून चुकलो असं कळलं की मागे जातो, आणि मागे जाताना आधी पाठवलेल्या दर निरोपाच्या मागे त्याचा उलटा निरोप सोडतो, अँटिमेसेज. दोघांची कुठेही गाठ पडली की दोघंही नाहीसे. मूळ निरोप अजून पोचून वापरला गेला नसेल तर गुपचूप मिटतो, वापरला गेला असेल तर त्या गावालाही मागे जावं लागतं. आता हे तुमच्या जगात माणसांच्या रूपात आणा. निरोप्याच्या मागे त्याला पुसायला निघालेला दुसरा निरोप्या. दोघंही घोड्यावर, एकाच गावचे, कदाचित एकाच घरातले. पहिला शीव ओलांडून आत शिरायच्या आधी दुसऱ्याने गाठलं तर दोघंही कधी निघालेच नव्हते, ना त्यांची आठवण ना त्यांचा घोडा. मागे जायला होकार देणाऱ्या राखणदाराला आधी हे ठरवावं लागतं की दुसरा घोडेस्वार कोण.

जेफरसन यांच्याकडून आणखी एक गोष्ट घ्या. सगळ्या प्रोसेसमध्ये जो सर्वात मागे आहे आणि वाटेवर असलेल्या निरोपांमध्ये जो सर्वात जुना आहे, त्या सगळ्यांत लहान जो आकडा त्याला ग्लोबल व्हर्च्युअल टाइम म्हणतात, त्याच्या मागे कोणालाच कधीच जाता येत नाही, म्हणून त्याआधीच्या साठवलेल्या स्थिती पुसून टाकतात. तुमच्या जगात त्याला 'गोठण' म्हणा, गोठलेल्या काळाची हद्द. गोठणीच्या मागचं झालं ते झालं. पण बघा ना, एखादा निरोप्या वाटेत कुठे अडकून पडला, गुहेत, पुरात, तर गोठण पुढे सरकतच नाही, कारण त्याचा जुना निरोप अजून वाटेवर आहे. ज्याला भूतकाळ बदलायचाय तो एका निरोप्याला वर्षानुवर्षं लपवून ठेवेल, आणि ज्याला भूतकाळ पक्का करायचाय तो त्या निरोप्याला शोधत फिरेल. माझ्या मते तुमच्या कादंबरीचं मूळ कथानक हेच व्हावं, तुम्ही लिहिलेल्या लढाईपेक्षा यात जीव जास्त आहे.

खोटारड्या राखणदाराचं आता. बहुमताचा तुमचा विचार इथे कामाला येतो, पण साधं बहुमत पुरत नाही. लॅम्पोर्ट, शोस्टाक आणि पीज यांचं १९८२ चं काम आहे, फितूर सेनापतींच्या रूपकात मांडलेलं. फितूर माणूस एकाला एक सांगतो आणि दुसऱ्याला दुसरंच, ही खरी गोम. नुसत्या तोंडी निरोपांवर चालायचं असेल तर एका फितुरासाठी एकूण चार गावं लागतात, दोन फितुरांसाठी सात, तीन गावांत एक फितूर असेल तर कितीही फेऱ्या मारा, सुटत नाही. पण निरोपावर खोटी करता न येणारी मोहोर असेल तर चित्र पालटतं, कारण दोन गावांनी आपापले मोहोरबंद निरोप समोरासमोर ठेवले की त्याचे दोन तोंडांचे बोल उघडे पडतात. म्हणून तुमच्या जगात मोहोर ही तलवारीपेक्षा मोठी वस्तू असायला हवी आणि ती चोरणं हा सर्वात मोठा गुन्हा.

खोटं बोलून फायदा काय, हेही दाखवा. बिटकॉइनमध्ये कोणतंही मध्यवर्ती घड्याळ नाही, ब्लॉक, म्हणजे व्यवहारांचा एक गठ्ठा, बनवणाराच त्यावर वेळ टाकतो, आणि नियम इतकाच की ती वेळ मागच्या ११ ब्लॉकच्या मधल्या वेळेपेक्षा पुढची हवी आणि तो ब्लॉक तपासणाऱ्या कॉम्प्युटरच्या घड्याळाच्या २ तासांहून जास्त पुढची नको. म्हणजे बरीच ढिलाई. दर २०१६ ब्लॉकनंतर याच वेळा बघून ब्लॉक बनवायचं काम किती अवघड करायचं ते ठरतं, त्यामुळे वेळ खोटी टाकून काम सोपं करून घेता येईल का हा विचार लोकांच्या डोक्यात येतोच, आणि २०१८ मध्ये वर्ज नावाच्या एका लहान चलनावर खोट्या वेळा टाकूनच हल्ला झाला होता. तुमच्या गावांत याला समांतर गोष्ट म्हणजे कर्ज. '१०० दिवसांनी परत करीन.' कोणाचे १०० दिवस? ऋणको संथ गावात जाऊन बसला तर? करारात कोणाच्या शिवेतले दिवस ते लिहिलं नसेल तर तो करारच नाही, असा नियम ठेवा.

पुराव्याबद्दल थोडं. जलद खोलीत ठेवलेला कागद बाहेरच्या तीन वर्षांत तीस वर्षांचा पिवळा होऊ शकतो, म्हणून तुमच्या जगात 'जुनं दिसतं' याला काडीची किंमत नाही. मग कागद खरंच कधीचा ते कसं ठरवणार? दोन्ही बाजूंनी बांधून. त्यात आधीच्या एखाद्या निरोपातली अशी गोष्ट हवी जी त्याआधी कोणालाच माहीत असणं शक्य नव्हतं, म्हणजे कागद त्या निरोपाच्या आधीचा नाही हे ठरलं. आणि कागदाची खूण लगेच सगळ्या गावांत वाटलेली हवी, म्हणजे तो त्या वाटपाच्या नंतरचा नाही. हेबर आणि स्टॉर्नेटा यांनी १९९१ मध्ये डिजिटल कागदांसाठी हेच सुचवलं आणि १९९५ पासून अशा खुणा न्यूयॉर्क टाइम्समध्ये छापून येऊ लागल्या, कारण हजारो घरांत गेलेला पेपर मागाहून बदलता येत नाही.

'इतका काळ गेला' याचाही पुरावा देता येतो, एकापुढे एकच करता येईल असं काम देऊन, जे दहा माणसांत वाटून लवकर होत नाही. रॉन रिव्हेस्ट यांनी १९९९ मध्ये असं एक कोडं दिलं, अंदाज होता साधारण ३५ वर्षांचा, पण २०१९ मध्ये बर्नार्ड फॅब्रो यांनी ते सोडवलं, साध्या कॉम्प्युटरवर साडेतीन वर्षं गणित चालवून. कोडं पावलं मोजतं, दिवस नाही. तुमच्या जलद खोलीत बसून तेच कोडं सोडवणारा बाहेरच्यांना चकवील, पण स्वतःच्या आयुष्यातली तेवढी वर्षं त्याला द्यावीच लागतील.

शेवटचं, शिवेबद्दल. तुम्ही शीव म्हणजे एक रेघ दाखवलीये, हे पाऊल इकडे, ते पाऊल तिकडे. तसं करू नका. माणसाचं हृदय एका वेगाने धडधडतंय आणि पाय दुसऱ्या वेगाने रक्त परत पाठवतायत, तो तिथेच कोसळेल. वेग हळूहळू बदलत जाईल असा रुंद पट्टा ठेवा. आम्हीही घड्याळ चुकलं तर एकदम ढकलत नाही. इंटरनेटवरची घड्याळं जुळवणारा जो प्रोटोकॉल डेव्हिड मिल्स यांनी १९८५ मध्ये मांडला तो लहान चूक असली की घड्याळ मागे नेत नाही, नुसतं किंचित संथ चालवतो, सेकंदाला जास्तीत जास्त अर्धा मिलिसेकंद, म्हणजे एक सेकंदाची चूक भरायला ३३ मिनिटं. तसा पट्टा ठेवा, पायी ओलांडायला अर्धा दिवस लागेल इतका रुंद, दोन्ही बाजूला कोणाचीच मालकी नसलेला. तिथे राहणारी माणसंही असतील, ज्यांच्या ओट्यावरच्या आणि परसातल्या काळात थोडा फरक असतो आणि ज्यांना त्याचं काही वाटत नाही. तुमचा तो दुसरा घोडेस्वार पहिल्याला गाठायला निघालाय तो याच पट्ट्यात, पुढचा संथ होत चाललाय आणि मागच्याला तो जवळ येताना दिसतोय, पण मागचाही त्याच पट्ट्यात शिरला की तोही तेवढाच संथ होणार आहे. पहिलं प्रकरण तिथून उघडा.